मवासी (संज्ञा)

मवासी (लेखनभेद: मुवासी, मोवासी, मौआसी; खानदेश व गुजरातेत मेवासी, मेहवासी) ही मराठी, हिंदी व गुजराती भाषांत आढळणारी एक जुनी संज्ञा आहे. वऱ्हाडाच्या उत्तर सीमेवरील सातपुड्यात, म्हणजे अमरावती जिल्ह्यातील मेळघाट, अकोला जिल्ह्यातील अकोट-तेल्हारा तालुक्यांचा डोंगरी भाग आणि त्यांना लागून असलेल्या मध्य प्रदेशातील जिल्ह्यांत, हे कोरकू जमातीचे किंवा तिच्या एका शाखेचे जुने नाव मानले जाते. परंतु हाच शब्द खानदेशात भिल्ल प्रमुखांच्या जहागिरींना, गुजरातेत कोळी, भिल्ल व राजपूत ठाकुरांच्या मुलखाला आणि दिल्लीच्या सुलतानशाहीच्या तवारिखांत बंडखोर प्रदेशाला उद्देशून वापरलेला आहे. त्यामुळे जुन्या कागदात 'मवासी' हा शब्द दिसला म्हणजे तेथे कोरकूंचाच उल्लेख आहे, असे धरून चालता येत नाही.

मूळ शब्द

'मवासी' हे 'मवास' या नामापासून झालेले विशेषण आहे. मवासात राहणारा किंवा मवासाचा धनी तो मवासी. मराठी कोशांत मवास म्हणजे चोर-दरोडेखोरांचे, पुंडांचे आश्रयस्थान असा अर्थ दिलेला असतो व मवासी म्हणजे अशा ठिकाणी राहून लूटमार करणारा, सरकारला न जुमानणारा मनुष्य. नागरी प्रचारिणी सभेच्या 'हिंदी शब्दसागर' या कोशात मात्र वेगळाच रंग दिसतो. तेथे मवास म्हणजे रक्षणाचे ठिकाण, आश्रय, शरण, आणि पुढे किल्ला किंवा गढ. मवासी या शब्दाचे अर्थ लहान गढी, गढपती, किल्लेदार आणि प्रमुख असे आहेत. 'मवासी तोडना' या हिंदी वाक्प्रचाराचा अर्थ गढ फोडणे, विजय मिळवणे असा होतो.

दोन्ही भाषांतील अर्थ एकत्र ठेवले की शब्दाची वाटचाल लक्षात येते. अवघड डोंगर, दाट झाडी, नदीचे खोरे असा ज्या ठिकाणी सैन्याला सहज शिरता येत नाही तो भाग म्हणजे मवास. तेथे राहणाऱ्याच्या दृष्टीने तो आसरा आहे, तेथल्या प्रमुखाच्या दृष्टीने गढ आहे आणि वसुलीला आलेल्या अंमलदाराच्या दृष्टीने पुंडांचा अड्डा आहे. मराठीने अंमलदाराचा अर्थ तेवढा जपून ठेवला, असे म्हणावे लागते.

फारसी तवारिखा व मोगल वसूलपद्धती

तेराव्या व चौदाव्या शतकांतील फारसी इतिहासग्रंथांत, मिन्हाज-उस-सिराजच्या 'तबकात-इ-नासिरी'त आणि झियाउद्दीन बरनीच्या लिखाणात, 'मवास' व त्याचे अनेकवचन 'मवासात' हे शब्द येतात. तेथे त्यांचा संबंध कोणत्याही एका जातीजमातीशी नाही. दिल्लीच्या अगदी जवळचा दोआबही सुलतानाला कर देईनासा झाला की मवास ठरतो.

मोगल काळात ही कल्पना महसुलाच्या भाषेत स्थिरावली. जे गाव नेमाने सारा भरते ते 'रैयती' आणि ज्या गावाकडून फौज नेल्याखेरीज काही मिळत नाही ते 'जोरतलब' किंवा मवास. गावाचा हा दर्जा कायमचा नसे. दुष्काळ, जादा आकारणी किंवा सुभेदाराची दुर्बलता यांमुळे रैयती गाव मवासात जाई आणि ठाणे बसले की परत रैयती होई. शब्दाचा हा मूळचा महसुली अर्थ विसरला गेला आणि तो माणसांच्या अंगभूत स्वभावाचे वर्णन म्हणून वाचला जाऊ लागला. पुढील बहुतेक गोंधळ त्यातून झालेला आहे.

वऱ्हाड व सातपुडा

वऱ्हाडचा सपाट, काळ्या मातीचा प्रदेश उत्तरेस गाविलगडच्या डोंगररांगेपाशी एकदम संपतो. रांगेच्या दक्षिण कडेवर अमरावती जिल्ह्यात गाविलगड आणि अकोला जिल्ह्यात नरनाळा असे दोन मोठे किल्ले आहेत. त्यांच्या पाठीमागे तापी नदीपर्यंत पसरलेला सिपना, गाडगा, खंडू, खापरा या नद्यांचा डोंगराळ टापू म्हणजे मेळघाट. अकबराच्या सुभ्यात गाविल व नरनाळा ही दोन सरकारे या किल्ल्यांच्या नावांनी होती. किल्ल्यांवर बादशाही, पुढे निजामाचा किंवा नागपूरकर भोसल्यांचा अंमल असला तरी मागच्या जंगलातील वस्त्यांवर तो क्वचितच पोहोचत असे.

अठराव्या शतकात व एकोणिसाव्याच्या आरंभी हा टापू अनेक सत्तांच्या सांध्यावर होता. दक्षिणेस निजाम व भोसले यांचा वऱ्हाड, पूर्वेस भोसल्यांचा देवगड-नागपूर प्रदेश आणि उत्तरेस तापीपलीकडे शिंदे-होळकरांचा निमाड अशी स्थिती होती. १५ डिसेंबर १८०३ रोजी आर्थर वेलस्लीच्या सैन्याने गाविलगड घेतला. लगेच झालेल्या देवगावच्या तहाने वऱ्हाड निजामाकडे गेला, परंतु गाविलगड व नरनाळा हे किल्ले भोसल्यांकडेच राहिले आणि १८२२ मध्ये तेही निजामाच्या राज्यात गेले. १८५३ च्या करारानंतर वऱ्हाडचा कारभार इंग्रजांच्या हाती आला. इतक्या सरहद्दी जेथे एकमेकींना भिडतात तो डोंगर आपोआपच मवास बनतो, कारण एका राज्यातून निसटलेला मनुष्य एका रात्रीच्या चालीत दुसऱ्या राज्यात पोहोचतो. याच पर्वतश्रेणीच्या पूर्वेकडील महादेव डोंगरांत, पचमढीच्या परिसरात, १८१८ मध्ये इंग्रजांच्या कैदेतून निसटलेले आप्पासाहेब भोसले स्थानिक डोंगरी प्रमुखांच्या आश्रयाने राहिले होते. नागपूरच्या पदच्युत राजालाही मवासाचा आसरा घ्यावा लागला हे पाहिले म्हणजे 'पुंडांचा अड्डा' हा कोशातील अर्थ किती अपुरा आहे ते समजते.

या टापूतील कोरकूंना मैदानातील मराठी व हिंदी भाषिक लोक मवासी म्हणत, ते या पार्श्वभूमीवर. सगळ्याच कोरकूंना ते नाव नव्हते. आर. व्ही. रसेल व रायबहादूर हिरालाल यांच्या १९१६ साली प्रसिद्ध झालेल्या मध्य प्रांतातील जातीजमातींवरील ग्रंथात कोरकूंच्या मोवासी, बावरिया, रुमा व बोंदोया अशा चार शाखा दिलेल्या असून, त्यांपैकी रुमा ही शाखा अमरावतीकडील आहे. म्हणजे मेळघाटातील कोरकूंचा शाखावाचक शब्द 'रुमा' आणि बाहेरच्यांच्या तोंडचा शब्द 'मवासी', असे दुहेरी नामकरण येथे आढळते. ग्रियर्सन यांच्या भारतीय भाषांच्या सर्वेक्षणाच्या चौथ्या खंडात (१९०६, संपादन स्टेन कोनो) मुवासी ही कोरकूचीच बोली म्हणून नोंदलेली आहे. त्याआधी १८७२ मध्ये एडवर्ड डाल्टन यांनी बंगालच्या मानववंशवर्णनात कुर, कुर्कू व मुआसी ही नावे एकत्र घेतली होती.

जमातीचे स्वतःचे नाव

कोरकू भाषेत 'कोरो' म्हणजे माणूस आणि 'कू' हा अनेकवचनाचा प्रत्यय. कोरकू म्हणजे माणसे. ही भाषा ऑस्ट्रो-आशियाई कुळाच्या मुंडा शाखेतील असून त्या शाखेतील सर्वांत पश्चिमेकडील भाषा आहे. संथाळी, मुंडारी, हो या तिच्या बहिणी शेकडो किलोमीटर पूर्वेस झारखंड-ओडिशाकडे आहेत. २०११ च्या जनगणनेत सुमारे ७ लाख २७ हजार लोकांनी कोरकू ही आपली मातृभाषा सांगितली. त्यांतील मोठा भाग मध्य प्रदेशात व उरलेला बहुतांश अमरावती जिल्ह्याच्या धारणी व चिखलदरा तालुक्यांत आहे.

'मवासी' हा शब्द कोरकू भाषेतील नाही. तो त्या भाषेच्या व्याकरणाने फोडता येत नाही आणि त्यात कोणत्याही कुळाचा किंवा देवकाचा निर्देश नाही. जगात इतरत्रही असे घडले आहे. अतिपूर्व रशियातील अमूर नदीकाठच्या नानाई लोकांना रशियन लिखाणात दीर्घकाळ 'गोल्डी' म्हटले जाई. त्यांच्या भाषेत 'नानाई'चा अर्थ 'या भूमीचा माणूस' असा आहे. तेथे विसाव्या शतकात शासकीय लेखनात स्वतःचे नाव रूढ झाले व जुने मागे पडले. सातपुड्यात तसे पूर्णपणे झाले नाही. येथे जुने नाव शासकीय यादीतच जाऊन बसले (पुढे पाहा).

वऱ्हाडच्या डोंगरांतील आणखी एका समाजाच्या नावाचा इतिहास जवळपास असाच आहे. निहाल किंवा नहाल हे नाव जुन्या कागदांत अनेकदा भिल्ल-कोळ्यांच्या जोडीने व लूटमारीच्या संदर्भात येते. बुलढाणा जिल्ह्याच्या जळगाव जामोद भागातील या लोकांची निहाली भाषा ना मुंडा, ना द्राविडी, ना इंडो-आर्यन. ती कोणत्याही ज्ञात कुळात बसत नाही. इतके दुर्मीळ भाषिक धन बाळगणाऱ्या समाजाची कागदोपत्री ओळख 'लुटारू' एवढीच उरावी, ही खेदाची बाब आहे.

खानदेशातील मेवासी

नंदुरबार जिल्ह्यातील अक्कलकुवा, तळोदा व अक्राणी (धडगाव) या भागांत 'मेवासी' हा शब्द वेगळ्या अर्थाने प्रचलित आहे. १८१८ मध्ये खानदेश इंग्रजांकडे आल्यानंतर सातपुड्याच्या पश्चिम टोकावरील भिल्ल प्रमुखांशी स्वतंत्र व्यवहार ठेवण्यात आला. त्यांच्या छोट्या जहागिरी 'मेवासी इस्टेटी' म्हणून ओळखल्या जात. काठी, चिखली, सिंगपूर, नवलपूर, नाल इत्यादी इस्टेटींचा यात समावेश होता. काठी ही त्यांतील मोठी व सर्वपरिचित. काठीची राजवाडी होळी पाहण्यासाठी आजही सातपुड्यातील दूरदूरच्या पाड्यांवरून लोक येतात.

येथे मेवासी हा जमातीचा निर्देश नसून संस्थानिकाच्या दर्जाचा निर्देश आहे. हिंदी कोशातील 'गढपती' या अर्थाच्या तो अधिक जवळ जातो. इस्टेटी स्वातंत्र्यानंतर विलीन झाल्या, पण नाव टिकले. तळोदा येथील वन विभाग अजूनही 'मेवासी वन विभाग' म्हणूनच ओळखला जातो. अंमलाबाहेरचा मुलूख दर्शविणारा शब्द सरकारी कार्यालयाच्याच फलकावर यावा, यापेक्षा शब्दाच्या प्रवासाची मोठी कलाटणी शोधूनही सापडणार नाही.

गुजरातेतील मेहवास

गुजरातेत एखाद्या परगण्यातील गावांची विभागणी 'रास्ती' (शांत, सरळपणे सारा भरणारी) व 'मेहवासी' अशी केली जाई. मेहवासी गावांचे ठाकूर कोळी, भिल्ल, राजपूत असे कोणत्याही समाजाचे असत. बडोद्याच्या गायकवाडांच्या फौजा खंडणी वसुलीसाठी दरवर्षी ज्या मुलूखगिरीवर निघत, तिचा मोठा भाग अशाच मुलखात होई. इंग्रज काळात रेवाकांठा एजन्सीत 'संखेडा मेहवास' व 'पांडू मेहवास' असे छोट्या संस्थानांचे दोन गट अधिकृतपणे मोजले जात. सौराष्ट्रात मेवासा नावाची गावे आहेत.

गायकवाडी दप्तरातील मराठी कागदांत मेवासी हा शब्द वारंवार येतो. तो वाचताना गुजरातेतील संदर्भ लक्षात घ्यावा लागतो. तेथे मेवासी म्हणजे पुष्कळदा चांगला प्रतिष्ठित गरासदार असतो.

अनुसूचित जमातींच्या यादीतील नोंद

संविधानाच्या अनुच्छेद ३४२ खालील महाराष्ट्राच्या यादीत कोरकूंची नोंद 'कोरकू, बोपची, मौआसी, निहाल, नाहूल, बोंधी, बोंडेया' अशी आहे. यातील 'मौआसी' हेच मवासीचे रूप. 'बोंडेया' हे उघडच रसेल-हिरालाल यांच्या बोंदोया शाखेचे नाव आहे. एकोणिसाव्या शतकातील अधिकाऱ्यांनी ऐकली तशी इंग्रजी लिपीत उतरवलेली आणि तेथून परत देवनागरीत आलेली ही रूपे आहेत. त्यामुळे 'मौआसी' हे रूप बोलण्यात सहसा ऐकू येत नाही, पण कायद्यात मात्र तेच आहे.

मध्य प्रदेशाच्या यादीत याच गटाखेरीज 'मवासी' अशी आणखी एक स्वतंत्र नोंद आहे. त्या राज्याच्या ईशान्येकडील सतना जिल्ह्यात, चित्रकूटच्या परिसरात, मवासी नावाचा आदिवासी समाज राहतो. तो कोरकू भाषा बोलत नाही. त्याची बोली बघेली वळणाची हिंदी आहे. मेळघाटापासून इतक्या दूर एकाच नावाचे दोन समाज असण्यामागे एकच स्थलांतर आहे, की दोन ठिकाणी दोन वेगळ्या समाजांना एकच प्रशासकीय विशेषण चिकटले, हा अभ्यासाचा विषय आहे. शब्दाचा वर दिलेला इतिहास पाहता दुसरी शक्यता सहज नाकारता येत नाही.

वऱ्हाडच्या दृष्टीने यादीचा आणखी एक भाग महत्त्वाचा ठरला. १९५६ च्या सुधारित आदेशानुसार विदर्भातील जमातींची मान्यता ठरावीक तहसिलींपुरती मर्यादित होती: अमरावती जिल्ह्यातील मेळघाट, तत्कालीन चांदा जिल्ह्यातील गडचिरोली व सिरोंचा आणि यवतमाळ जिल्ह्यातील केळापूर, वणी व यवतमाळ. अकोला जिल्ह्याचा यात समावेश नव्हता. परिणामी धारणीकडील कोरकू अनुसूचित जमातीत होता, आणि त्याच्याच गोत्रातील, तीच भाषा बोलणारा, नरनाळ्याच्या पायथ्याशी अकोट तालुक्यात राहणारा कोरकू त्यात नव्हता. मजुरीसाठी किंवा लग्नसंबंधाने डोंगर उतरणे हा तर येथला नित्यक्रम. ही क्षेत्रमर्यादा १९७६ च्या सुधारणा अधिनियमाने उठली. तोवर दोन दशके एका डोंगराच्या दोन उतारांवर दोन कायदेशीर ओळखी नांदत होत्या. पुढे मेळघाट व्याघ्र प्रकल्पातील केलपाणी, गुल्लरघाट यांसारख्या गावांचे अकोला जिल्ह्यात पुनर्वसन झाले. क्षेत्रमर्यादा कायम असती, तर या कुटुंबांपुढे घराबरोबर जमातीच्या दर्जाचाही प्रश्न उभा राहिला असता.

जातप्रमाणपत्र पडताळणीत स्वातंत्र्यपूर्व नोंदींना विशेष वजन दिले जाते. विदर्भात यासाठी कोतवाल बुकाची नक्कल, शाळेचा दाखल-खारीज उतारा, जुने अधिकार अभिलेख असे कागद काढले जातात. या कागदांत जमातीच्या रकान्यात लिहिणाऱ्याच्या कानाला जसे ऐकू आले तसे कुरकू, मवासी, मुवासी, निहाल यांपैकी काहीही लिहिलेले असू शकते. सर्वोच्च न्यायालयाने हलबा-कोष्टी प्रकरणात (महाराष्ट्र राज्य विरुद्ध मिलिंद, २८ नोव्हेंबर २०००) राष्ट्रपतींच्या आदेशातील नोंद आहे तशीच वाचली पाहिजे, चौकशी करून तिच्यात समानार्थी नावांची भर घालता येत नाही, असे स्पष्ट केले. त्यामुळे एखादे जुने नाव यादीत असणे किंवा नसणे याला केवळ कोशगत महत्त्व राहिलेले नाही. कोरकूंच्या बाबतीत 'मौआसी' हे नाव यादीत असल्याने जुनी नोंद जमातीच्या नोंदीशी जोडण्यास आधार मिळतो. ज्या शब्दाने पूर्वजांना पुंड ठरवले तोच शब्द नातवाच्या प्रवेशासाठी व नोकरीसाठी उपयोगी पडावा, असा हा प्रकार आहे. नंदुरबारकडील कागदातील 'मेवासी' या शब्दाला मात्र हा नियम लागू करता येत नाही. तेथे तो जहागिरीचा उल्लेख असतो आणि त्या माणसाची जमात भिल्ल किंवा अन्य कोणती ते दुसऱ्या नोंदीवरून पाहावे लागते.

सारखे दिसणारे शब्द

'मवाली' (गुंड) या शब्दाशी मवासीचा अर्थसाम्यामुळे घोटाळा होतो. मवाली हा शब्द अरबीतून आलेला असून त्याचा संबंध 'मौला' या शब्दाच्या अनेकवचनाशी जोडला जातो. 'मावळा' हा पुणे-साताऱ्याकडील मावळ या प्रदेशनामावरून आणि 'मेवाती' हा दिल्लीच्या दक्षिणेकडील मेवात या प्रदेशनामावरून झालेला शब्द आहे. मेवाडशी मेवासाचा संबंध नाही. राजस्थानी व हिंदीच्या काही बोलींत 'मावस' म्हणजे अमावास्या. तोही शब्द वेगळा. मोडी कागदात ऱ्हस्व-दीर्घाचा भेद पाळलेला नसतो आणि मात्रा पुसट झालेली असली की 'मेवासी' व 'मवासी' यांत फरक करता येत नाही. अशा वेळी सोबत आलेले परगण्याचे नाव पाहणे हाच भरवशाचा उपाय असतो. अकोट, आडगाव किंवा अचलपूर असेल तर सातपुड्यातील कोरकू-निहाल वस्त्यांचा विचार करावा. सुलतानपूर, कुकरमुंडा असेल तर खानदेशातील भिल्ल प्रमुखांचा. आणि संखेडा, सावली असेल तर गुजरातेतील ठाकुरांचा.